एदमाँ आल्बियूस

एदमाँ आल्बियूस (जन्म: इ.स. १८२९, सेंत-सुझान, बूर्बाँ बेट. मृत्यू: ९ ऑगस्ट, इ.स. १८८०, सेंत-सुझान) हे हिंदी महासागरातील बूर्बाँ, म्हणजे आजच्या रेयूनियों बेटावर गुलाम म्हणून जन्मलेले व पुढे मुक्त झालेले बागकामगार होते. इ.स. १८४१ मध्ये, वयाच्या बाराव्या वर्षी, त्यांनी व्हॅनिलाच्या फुलाचे हाताने परागण करण्याची सोपी, जलद आणि खात्रीची पद्धत शोधून काढली. व्हॅनिला ही उष्ण कटिबंधातील वर्षावनांत झाडांच्या आधाराने वाढणारी ऑर्किड कुलातील वेल आहे. तिच्या मूळ प्रदेशाबाहेर तिला शेंगा धरत नसत. आल्बियूस यांच्या पद्धतीमुळे ही अडचण दूर झाली आणि व्हॅनिला हे जागतिक व्यापाराचे पीक बनले. आजही जगातील व्हॅनिलाची लागवड जवळजवळ सर्वस्वी याच पद्धतीवर चालते. ज्या शोधाने अनेक मळेवाले श्रीमंत झाले, त्या शोधाचा कोणताही आर्थिक लाभ मात्र त्यांना स्वतःला झाला नाही. त्यांचा अंत दारिद्र्यात झाला.

जन्म व बालपण

रेयूनियों हे बेट मादागास्करच्या पूर्वेस आणि मॉरिशसच्या नैर्ऋत्येस आहे. एदमाँ यांच्या जन्मकाळी ते बूर्बाँ या नावाने ओळखली जाणारी फ्रेंच वसाहत होते. उसाचे मळे हा वसाहतीच्या अर्थव्यवहाराचा कणा होता आणि त्या मळ्यांवरील जवळजवळ सर्व श्रम गुलामांकडून करून घेतले जात. त्या काळच्या कायद्यानुसार गुलाम स्त्रीचे अपत्य जन्मतःच गुलाम ठरत असे. गुलामांना आडनाव नसे. त्यामुळे त्यांची ओळख केवळ एका नावावर आणि मालकाच्या नोंदवहीवर अवलंबून राही.

एदमाँ यांचा जन्म बेटाच्या ईशान्य किनाऱ्यावरील सेंत-सुझान या गावी झाला. त्यांच्या आईचे नाव मेलीज आणि वडिलांचे नाव पाँफील होते. दोघेही गुलाम होते. बाळंतपणातच आईचा मृत्यू झाल्याने एदमाँ जन्मतःच पोरके झाले. त्यांची मालकी एल्वीर बेलिए-बोमाँ या बाईंकडे होती. त्यांनी हा मुलगा आपले बंधू फेरेओल बेलिए-बोमाँ यांच्या हवाली केला.

फेरेओल हे सेंत-सुझान येथील मळेवाले होते. त्यांना वनस्पतिशास्त्राची मनापासून आवड होती. आपल्या बागेत त्यांनी देशोदेशींच्या वनस्पती जोपासल्या होत्या. बागेतून फेरफटका मारताना लहानगे एदमाँ सतत त्यांच्या मागे असत. फेरेओल यांनी त्यांना झाडांची नावे सांगितली, फुलांच्या अवयवांची ओळख करून दिली आणि कलमे, रोपे व बियाणे यांची निगा राखण्यास शिकवले. लिहिण्यावाचण्याचे शिक्षण मात्र एदमाँ यांना मिळाले नाही. पुढील आयुष्यात, विशेषतः श्रेयाच्या वादात, ही उणीव त्यांना फार महाग पडली. स्वतःच्या शोधाविषयी त्यांच्या हातचा एकही शब्द उपलब्ध नाही. त्यांच्याविषयी जे काही ठाऊक आहे ते इतरांनी लिहून ठेवले म्हणून ठाऊक आहे.

बागकामात शिकलेल्या एका गोष्टीचा येथे विशेष उल्लेख करावा लागतो. भोपळ्याच्या कुलातील एका वेलीला नर फुले वेगळी व मादी फुले वेगळी येत. अशा वेलीच्या नर फुलातील पराग मादी फुलावर नेऊन ठेवल्यास फळ धरते, हे फेरेओल यांनी एदमाँ यांना प्रत्यक्ष करून दाखवले होते. भोपळा व दोडका यांच्या वेलींवर शेतकरी आजही असे हाताने परागण करतात. फुलांचे असे लग्न लावता येते ही कल्पना एदमाँ यांच्या मनात बालपणीच रुजली.

व्हॅनिलाची वेल आणि तिची अडचण

व्हॅनिलाची लागवडीखालील मुख्य जाती व्हॅनिला प्लॅनिफोलिया ही होय. दक्षिण मेक्सिको व मध्य अमेरिका येथील दमट वर्षावने हे तिचे मूळ वसतिस्थान आहे. ऑर्किडांच्या कुलात २५,००० हून अधिक जाती असल्या तरी खाद्योपयोगी फळासाठी मोठ्या प्रमाणावर लागवड होणारी त्यांपैकी ही जवळजवळ एकमेव जाती आहे. तिचे खोड हिरवे व मांसल असते. प्रत्येक पेराशी फुटणाऱ्या हवाई मुळांनी ती आधाराच्या झाडाला घट्ट बिलगते आणि अनेक मीटर उंच चढते. जमिनीशी संबंध तुटला तरी वेलीचा वरचा भाग झाडाच्या सालीवरील ओलावा व पालापाचोळा यांवर जगू शकतो.

मेक्सिकोच्या आखाती किनाऱ्यावरील तोतोनाक लोकांना व्हॅनिलाच्या शेंगांचा उपयोग फार पूर्वीपासून माहीत होता. पुढे ॲझ्टेकांनी तिचा सुगंध कोकोच्या पेयात वापरला. स्पॅनिश विजेत्यांनी सोळाव्या शतकात ही चव युरोपात नेली आणि तेथील श्रीमंत वर्गात व्हॅनिलाला मोठी मागणी निर्माण झाली. तरीही जवळजवळ तीनशे वर्षे तिचा पुरवठा मुख्यत्वे मेक्सिकोतूनच होत राहिला. वेल इतरत्र वाढे, क्वचित फुलेही येत, परंतु शेंगा धरत नसत.

याचे कारण फुलाच्या रचनेत आहे. व्हॅनिलाचे फूल पिवळसर हिरवे असते. ते पहाटे उमलते आणि दुपारपर्यंत कोमेजू लागते. परागण झाले नाही तर लवकरच ते गळून पडते. फुलात पुंकेसर व किंजल्क हे दोन्ही अवयव एकाच स्तंभावर, एकमेकांपासून अगदी थोड्या अंतरावर असतात. त्या दोघांच्या मध्ये चंचुक नावाचा एक पातळ पडदा असतो. या पडद्यामुळे फुलातील पराग त्याच फुलाच्या किंजल्कापर्यंत आपोआप पोहोचू शकत नाहीत. मेक्सिकोच्या अरण्यात काही विशिष्ट मधमाश्या हे काम करतात, तरी तेथेही नैसर्गिक परागणाचे प्रमाण फार कमी असते. या मधमाश्या जेथे नाहीत तेथे वेल वांझ राहते.

युरोपातील वनस्पतिशास्त्रज्ञांनी हे कोडे एदमाँ यांच्या आधीच अंशतः सोडवले होते. बेल्जियममधील लिएज येथे शार्ल मोरेन यांनी इ.स. १८३६ मध्ये काचघरातील वेलीचे हाताने परागण करून शेंगा मिळवल्या. पॅरिस येथील वनस्पतिउद्यानात जोसेफ न्यूमान यांनीही इ.स. १८३८ मध्ये असेच यश मिळवले. मात्र हे प्रयोग विद्वानांच्या वर्तुळापुरते राहिले. मळ्यात हजारो फुलांवर रोज करता येईल असे साधे तंत्र त्यांतून हाती आले नाही.

बूर्बाँ बेटावर व्हॅनिला

बूर्बाँ बेटावर व्हॅनिलाची पहिली रोपे कप्तान फिलिबेर यांनी इ.स. १८१९ मध्ये दक्षिण अमेरिकेतील फ्रेंच गयाना येथून आणली. इ.स. १८२२ मध्ये पॅरिसच्या वनस्पतिउद्यानातूनही काही कलमे आली. बेटावरील हवा दमट व उबदार असल्याने वेली जगल्या, पण त्यांना शेंगा धरल्या नाहीत. अनेक मळेवाल्यांनी कंटाळून त्यांच्याकडे दुर्लक्ष केले आणि बऱ्याच वेली मेल्या. फेरेओल यांच्या बागेतही केवळ एकच वेल उरली होती. सुमारे वीस वर्षे ती झाडाला बिलगून वाढत राहिली, फुलत राहिली आणि निष्फळ राहिली.

शोध (इ.स. १८४१)

या शोधाची हकिकत फेरेओल यांनी नंतर लिहिलेल्या पत्रांवरून कळते. इ.स. १८४१ मध्ये एके दिवशी ते नेहमीप्रमाणे एदमाँ यांच्यासह बागेत हिंडत होते. त्या एकुलत्या एक वेलीवर त्यांना चांगली धरलेली एक शेंग दिसली. त्यांनी आश्चर्याने ती एदमाँ यांना दाखवली. आपणच या फुलाचे परागण केले असे एदमाँ यांनी सांगितले. फेरेओल यांचा त्यावर विश्वास बसला नाही आणि ते पुढे निघून गेले.

दोन-तीन दिवसांनी पहिल्या शेंगेजवळ दुसरी शेंग दिसली. एदमाँ यांनी पुन्हा तेच सांगितले. तेव्हा फेरेओल यांनी ही क्रिया आपल्यासमोर करून दाखवण्यास सांगितले. एदमाँ यांनी एक उमललेले फूल हाती घेतले आणि काही क्षणांत सर्व क्रिया करून दाखवली. पुढे वेलीवर शेंगा धरत गेल्या आणि फेरेओल यांची खात्री पटली.

फेरेओल यांनी या शोधामागील विचारसरणीही नोंदवली आहे. भोपळ्याच्या कुलातील वेलीवर नर व मादी फुले निरनिराळी असतात हे एदमाँ यांना ठाऊक होते. व्हॅनिलाच्या फुलाचे त्यांनी बारकाईने निरीक्षण केले, तेव्हा येथे दोन्ही अवयव एकाच फुलात असून केवळ एका पडद्याने वेगळे केले आहेत, हे त्यांच्या ध्यानात आले. पडदा दूर केला तर मीलन घडेल हा निष्कर्ष त्यांनी स्वतः काढला. त्यामुळे हा शोध निव्वळ योगायोगाने लागला असे म्हणता येत नाही. तो पाहणे, तुलना करणे आणि करून बघणे या क्रमाने लागलेला होता. ऑर्किडांच्या परागणावरील चार्ल्स डार्विन यांचा ग्रंथ इ.स. १८६२ मध्ये, म्हणजे यानंतर २१ वर्षांनी प्रसिद्ध झाला.

परागणाची पद्धत

एदमाँ यांच्या पद्धतीला बांबूची बारीक काडी किंवा गवताची ताठ काडी एवढेच साधन लागते. फूल डाव्या हातात धरून त्याची पुढची ओठासारखी पाकळी काडीने उभी चिरतात किंवा बाजूला सारतात. त्यामुळे आतील स्तंभ उघडा पडतो. नंतर काडीच्या टोकाने चंचुकाचा पडदा हलकेच वर उचलतात. पडदा वर गेला की परागकोश व किंजल्क यांच्यामध्ये अडसर राहत नाही. मग अंगठ्याने परागकोश हळूच खाली दाबला जातो आणि त्यातील चिकट परागपुंज किंजल्काला चिकटतो. ही सारी क्रिया सरावाच्या हाताला काही सेकंदांत करता येते.

फूल एकच दिवस टिकत असल्याने हे काम सकाळच्या वेळी उरकावे लागते. फुलोऱ्यातील सर्व फुले एकाच दिवशी उमलत नाहीत. त्यामुळे हंगामभर रोज वेलीपाशी जावे लागते. कुशल कामगार एका दिवसात १,००० ते १,५०० फुलांचे परागण करू शकतो. वेलीवर अतिरिक्त भार पडू नये म्हणून प्रत्येक फुलोऱ्यातील मोजक्याच फुलांचे परागण केले जाते. परागण यशस्वी झाले तर फूल सुकूनही देठावर टिकून राहते आणि शेंग लांबू लागते. ती पक्व होण्यास सुमारे नऊ महिने लागतात.

रेयूनियोंमध्ये या क्रियेला एदमाँची हातोटी अशा अर्थाचे फ्रेंच नाव रूढ आहे. फुलांचे परागण करणाऱ्या स्त्रियांना तेथे लग्न लावणाऱ्या अशा अर्थाच्या नावाने ओळखले जाते.

पद्धतीचा प्रसार

फेरेओल यांनी ही पद्धत स्वतःपुरती ठेवली नाही. त्यांनी इतर मळेवाल्यांना पत्रे लिहून शोधाची वार्ता दिली. ठिकठिकाणच्या मळ्यांवरून एदमाँ यांना बोलावणी येऊ लागली. एदमाँ यांना गाडीतून मळ्यामळ्यांवर नेले जाई आणि तेथील गुलामांना ते व्हॅनिलाचे परागण शिकवत. ज्यांना स्वतःच्या देहावरही हक्क नव्हता अशा एका अल्पवयीन गुलामाने वसाहतीतील मळ्यांना नवे पीक शिकवावे, अशी ही विलक्षण परिस्थिती होती. या शिकवण्याबद्दल त्यांना मोबदला मिळणे शक्यच नव्हते, कारण गुलामाच्या श्रमाचे फळ कायद्याने मालकाचे असे.

शेंग धरू लागली तरी उत्पादनाचा एक टप्पा उरला होता. वेलीवरील हिरव्या शेंगेला सुगंध नसतो. तो आंबवण व वाळवण यांतून निर्माण होतो. इ.स. १८५० च्या सुमारास एर्नेस्त लूपी व दाविद द फ्लोरिस यांनी बेटावर शेंगा गरम पाण्यात बुडवून, लोकरीच्या कापडात गुंडाळून, उन्हात व नंतर सावलीत वाळवण्याची प्रक्रिया विकसित केली. परागणाची पद्धत आणि ही प्रक्रिया यांच्या जोरावर व्हॅनिला बेटाचे महत्त्वाचे निर्यात पीक बनले.

मुक्ती व आडनाव

फ्रान्सने २७ एप्रिल, इ.स. १८४८ रोजी आपल्या वसाहतींतील गुलामगिरी रद्द करण्याचा हुकूम काढला. याच वर्षी बूर्बाँ बेटाला रेयूनियों हे नाव पुन्हा देण्यात आले. प्रजासत्ताकाचे प्रतिनिधी सार्दा गारिगा यांनी २० डिसेंबर, इ.स. १८४८ रोजी बेटावर गुलामगिरीच्या अंताची घोषणा केली. त्या दिवशी ६०,००० हून अधिक गुलाम मुक्त झाले. रेयूनियोंमध्ये हा दिवस आजही सार्वजनिक सुट्टीचा दिवस म्हणून पाळला जातो.

एदमाँ हेही इ.स. १८४८ मध्येच मुक्त झाले. मुक्त झालेल्या प्रत्येकाला सरकारी दप्तरात आडनाव देण्यात आले. एदमाँ यांना आल्बियूस हे आडनाव मिळाले. पांढरा या अर्थाच्या लॅटिन शब्दावरून ते घेतलेले आहे. एका कृष्णवर्णीय तरुणाला असे नाव का दिले गेले याविषयी निरनिराळे तर्क केले जातात. व्हॅनिलाच्या फुलाच्या फिकट रंगाशीही त्याचा संबंध जोडला जातो.

मुक्तीबरोबर जमीन किंवा भांडवल मिळाले नाही. अनेक मुक्त गुलामांप्रमाणे एदमाँ यांनीही मळा सोडला आणि उपजीविकेच्या शोधात ते राजधानी सें-देनी येथे गेले. बागकामातील त्यांच्या कौशल्याला शहरात मागणी नव्हती. तेथे त्यांनी स्वयंपाकघरातील नोकराचे काम केले.

कारावास व सुटका

सें-देनी येथील वास्तव्यात एदमाँ एका दागिन्यांच्या चोरीच्या प्रकरणात सापडले. इ.स. १८५२ मध्ये न्यायालयाने त्यांना दोषी ठरवून कठोर कारावासाची शिक्षा दिली.

या प्रसंगी त्यांच्या शोधाची आठवण काही जणांनी ठेवली. सेंत-सुझानचे स्थानिक न्यायाधीश मेझिएर लेपेर्व्हाँश यांनी गव्हर्नरकडे त्यांच्या सुटकेसाठी रदबदली केली. व्हॅनिलाच्या लागवडीतून वसाहतीला मिळू लागलेले वैभव या माणसामुळे आहे, हा त्या विनंतीतील मुख्य मुद्दा होता. सुमारे तीन वर्षांच्या कारावासानंतर, शिक्षेची मुदत पूर्ण होण्याआधीच, एदमाँ यांची सुटका झाली. त्यांचा शोध त्यांना प्रत्यक्ष उपयोगी पडल्याचा हा एवढाच प्रसंग होय. सुटकेनंतर ते सेंत-सुझान येथे, फेरेओल यांच्या मळ्याच्या परिसरात परतले.

श्रेयाचा वाद

व्हॅनिलाचा व्यापार वाढू लागला तसा तिच्या परागणाच्या शोधाचे श्रेय कोणाचे, हा प्रश्न पुढे आला. सें-देनी येथील वनस्पतिउद्यानाचे संचालक राहिलेले झाँ मिशेल क्लोद रिशार यांनी या शोधावर हक्क सांगितला. पॅरिस येथे आपण हे तंत्र पाहिले, इ.स. १८३८ मध्ये बेटावरील काही बागाईतदारांना ते करून दाखवले आणि त्या वेळी एदमाँ तेथे उपस्थित असावेत, असे त्यांचे म्हणणे होते. एका बाजूला नामवंत वनस्पतिशास्त्रज्ञ आणि दुसऱ्या बाजूला शिक्षा भोगून आलेला निरक्षर माजी गुलाम, असा हा विषम सामना होता.

एदमाँ यांच्या बाजूने फेरेओल बेलिए-बोमाँ उभे राहिले. इ.स. १८६१ मध्ये त्यांनी लिहिलेल्या पत्रांत शोधाची सविस्तर हकिकत दिली आहे. रिशार हे आपले जुने स्नेही असून त्यांना दुखावणे आपल्याला आवडत नाही, परंतु एदमाँ यांच्याप्रतिही आपले कर्तव्य आहे, अशी भूमिका त्यांनी घेतली. वार्धक्य, स्मृतिभ्रंश किंवा अन्य कारणाने रिशार यांचा असा समज झाला असावा, असे त्यांनी सुचवले. त्यांचा युक्तिवाद सरळ होता. हे तंत्र इ.स. १८३८ मध्येच बेटावर शिकवले गेले असते, तर पुढे जागोजागच्या मळेवाल्यांनी ते शिकवण्यासाठी एदमाँ यांना बोलावून नेण्याचे काहीच कारण नव्हते.

रेयूनियोंचे इतिहासलेखक व्होल्सी फोकार यांनी इ.स. १८६२ मध्ये व्हॅनिलाचे बेटावरील आगमन व परागण या विषयावर लेखन करून एदमाँ यांचा हक्क मांडला. इ.स. १८६३ मध्ये चित्रकार आंत्वान रूसाँ यांनी एदमाँ यांचे शिळामुद्रित चित्र प्रसिद्ध केले. त्यात ते व्हॅनिलाच्या वेलीसह दाखवले असून चित्राखाली व्हॅनिलाच्या परागणाचे शोधक असा त्यांचा उल्लेख आहे. आज एदमाँ यांचे जे चित्र सर्वत्र दिसते ते हेच होय.

या वादात एक गोष्ट लक्षात घेणे आवश्यक आहे. मोरेन व न्यूमान यांनी हाताने परागण आधी साधले होते, हे निर्विवाद आहे. एदमाँ यांना त्या प्रयोगांची माहिती असल्याचा विश्वसनीय पुरावा नाही. त्यांनी स्वतंत्रपणे शोधलेली पद्धत मात्र शेतकऱ्याच्या हातात टिकली, आणि जगभर पसरली ती तीच होय.

अखेरची वर्षे व मृत्यू

सेंत-सुझान येथे परतल्यावर एदमाँ यांनी मजुरी करून निर्वाह केला. इ.स. १८७१ मध्ये त्यांनी मारी पोलीन रासामा यांच्याशी विवाह केला. इ.स. १८७६ मध्ये त्यांच्या पत्नीचे निधन झाले. एदमाँ यांना वसाहतीच्या तिजोरीतून निर्वाहभत्ता मिळावा यासाठी त्यांच्या हितचिंतकांनी वेळोवेळी विनंती केली होती. त्या विनंतीला अखेरपर्यंत प्रतिसाद मिळाला नाही.

९ ऑगस्ट, इ.स. १८८० रोजी सेंत-सुझान येथील सार्वजनिक रुग्णालयात वयाच्या ५१ व्या वर्षाच्या सुमारास त्यांचे निधन झाले. त्याच महिन्यात बेटावरील ल मोनितर या वृत्तपत्राने त्यांच्या मृत्यूची छोटी बातमी दिली. ज्याच्या शोधामुळे वसाहतीला मोठा लाभ झाला त्याचा अंत दैन्यावस्थेत झाला, आणि भत्त्याची त्याची विनंती अनुत्तरित राहिली, असा त्या बातमीचा आशय होता.

शोधाचे परिणाम

एदमाँ मुक्त झाले त्या इ.स. १८४८ या वर्षी रेयूनियोंमधून सुमारे ५० किलोग्रॅम व्हॅनिला फ्रान्सला निर्यात झाली. दहा वर्षांनी, इ.स. १८५८ मध्ये ही निर्यात सुमारे २ टन, इ.स. १८६७ मध्ये सुमारे २० टन आणि इ.स. १८९८ मध्ये सुमारे २०० टन झाली. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपर्यंत या छोट्या बेटाने व्हॅनिलाच्या उत्पादनात मेक्सिकोला मागे टाकले होते.

रेयूनियोंमधील मळेवाल्यांनी ही वेल व तिच्या परागणाची पद्धत कोमोरो बेटे व मादागास्कर येथे नेली. मादागास्करच्या ईशान्य भागातील हवामान तिला विशेष मानवले आणि विसाव्या शतकात तो देश जगातील सर्वांत मोठा व्हॅनिला उत्पादक बनला. या बेटांवरील व्हॅनिलाला आजही बूर्बाँ व्हॅनिला याच नावाने बाजारात ओळखतात. मेक्सिकोतील मळ्यांतही पुढे हाताने परागण करण्याची पद्धत रूढ झाली.

व्हॅनिलाच्या सुगंधातील प्रमुख घटक व्हॅनिलिन हा इ.स. १८५८ मध्ये शुद्ध स्वरूपात वेगळा करण्यात आला आणि इ.स. १८७४ मध्ये जर्मन रसायनशास्त्रज्ञांनी तो कृत्रिम रीतीने तयार केला. आइस्क्रीम, केक व बिस्किटे यांतील व्हॅनिलाचा स्वाद आज बहुतेक वेळा कृत्रिम व्हॅनिलिनचा असतो. नैसर्गिक व्हॅनिला मात्र केशराखालोखाल महाग मसाल्यांत गणली जाते. तिच्या किमतीचे एक मुख्य कारण म्हणजे प्रत्येक फुलामागे लागणारे मानवी श्रम. हे काम करू शकेल असे यंत्र अद्याप प्रचारात आलेले नाही.

भारतात व्हॅनिलाची लागवड प्रामुख्याने कर्नाटक, केरळ व तामिळनाडू या राज्यांत होते. कोकणातील नारळी-पोफळीच्या बागांतही आंतरपीक म्हणून तिची लागवड झाली आहे. या सर्व ठिकाणी सकाळच्या प्रहरी काडीने पडदा उचलून अंगठ्याने पराग दाबण्याचीच रीत वापरली जाते.

स्मृती व मूल्यमापन

एदमाँ आल्बियूस यांचे स्मारक सेंत-सुझान येथे उभारण्यात आले आहे. रेयूनियोंमधील ल पोर या गावातील एका शाळेला त्यांचे नाव देण्यात आले आहे. बेटाच्या इतिहासात गुलामांच्या कर्तृत्वाचे प्रतीक म्हणून त्यांच्याकडे पाहिले जाते.

वसाहतकाळातील वनस्पतिशास्त्राचा इतिहास बहुतांशी उद्यानांचे संचालक, दर्यावर्दी कप्तान व विद्यापीठांतील प्राध्यापक यांच्या नावांनी लिहिला गेला. बागेत प्रत्यक्ष राबणाऱ्या माणसांच्या निरीक्षणांची नोंद त्यात क्वचितच आढळते. एदमाँ यांचे नाव टिकून राहिले याला त्यांच्या शोधाइतकेच त्यांच्या पूर्वीच्या मालकाचे लेखी साक्षीपत्र कारणीभूत आहे. फेरेओल यांनी सत्य लिहून ठेवले ही त्यांची थोरवी मानली जाते. परंतु ज्या व्यवस्थेत एका शोधकाला आपले श्रेय सिद्ध करण्यासाठी मालकाच्या शब्दावर विसंबावे लागले, त्या व्यवस्थेचे स्वरूपही याच घटनेतून स्पष्ट होते. अशी साक्ष ज्यांना मिळाली नाही त्या गुलामांच्या ज्ञानाची नोंद इतिहासात राहिली नाही.